गोल बाजारातलं क्राकोव

आमच्या घरमालकांनी आयुष्यात कुणालाही ‘अजून एक घ्या’ म्हटलं नाही. रायपुरात, त्यातून विदर्भातून येऊन इथं रुजलेल्या आम्हा मंडळींत, असा आग्रह न करणं शिवी देण्याइतकंच वाईट समजतात. त्यांची आई गेली तेव्हा पुण्यानुमोदनाच्या जेवणाला नागपूरहून नातेवाईक आले होते. पंगतीत एकदा वाढून झालं की यांनी भांडी उचलून आत नेली. ज्याला हवं त्यानं मागावं, असा त्यांचा हिशोब. मागणार कोण? मंडळी अर्ध्या पोटी स्टेशनवर गेली आणि तिथं समोसे खाल्ले. ही गोष्ट मला त्यांच्या चुलतबहिणीनं सांगितली. सांगताना तिचा राग अजून ताजा होता.

मी भनपुरीच्या एका ट्रान्सपोर्ट कंपनीत ट्रक सोडायचं काम बघते. दिवसभर ड्रायव्हर, हमाल आणि पावसात भिजलेला माल यांच्याशी बोलून माझा आवाज मोठा झालेला आहे आणि माणसांचं कौतुक करत बसायची सवय गेलेली आहे. नवरा रेल्वेत, घरी असला तर झोपलेला. तरी या माणसाबद्दल लिहायला बसले, कारण गेल्या हिवाळ्यात ते गेले आणि त्यांचे माझ्यावर उपकार आहेत. ते कुठंतरी नीट सांगून ठेवावेत.

आम्ही त्यांच्या वरच्या मजल्यावर भाड्यानं राहायचो. साठी कधीच उलटलेली, अंगानं काटकुळे, ताठ. भर मे महिन्यात पायात घोट्याच्या वरपर्यंत येणारे चामडी बूट आणि हातात नारिंगी छत्री. छत्री उन्हासाठी नाही, पावसासाठी नाही. ती उंच धरायची असायची, म्हणजे मागून येणाऱ्यांना आपला गाईड गर्दीत दिसतो.

हे गाईडपण त्यांनी पोलंडहून आणलेलं. इथल्या उरला औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यानं त्यांना तरुणपणी तिकडं मशीनचं काम शिकायला पाठवलं होतं. शिकून परत यायचं होतं. आले ते केस पिकल्यावर. मधल्या काळात त्यांनी मशीन सोडलं, एका खानावळीत भांडी घासली, मग तिथंच स्वयंपाक केला आणि शेवटी क्राकोव शहरात पाहुण्यांना पायी फिरवायचा धंदा धरला. चार-पाच ठिकाणी थांबायचं, तिथलं जुनं खाणं-पिणं चाखवायचं आणि दोन घासांच्या मधे गावाचा इतिहास सांगायचा. आई आजारी पडली म्हणून रायपूरला आले. आई गेली, तरी परत गेले नाहीत. का नाही गेलात, असं विचारलं की दर वेळी वेगळं उत्तर. मला एकदा म्हणाले, “तिकडं बूट लई झिजतात, ताई.”

आता रायपुरात क्राकोव कुठून आणायचं? त्यांनी ते गोल बाजारात आणलं. दर रविवारी सकाळी, दुकानांची शटरं उघडायच्या आधी, त्यांची फेरी निघायची. कधी इंजिनिअरिंगची मुलं, कधी नव्या राजधानीतल्या कचेऱ्यांमधले कंटाळलेले लोक, कधी दोनच माणसं. त्यांना फरक पडायचा नाही. बोलायचं ते तेवढंच, त्याच आवाजात. “लेडीज अँड जंटलमन, आपण आता मोठ्या चौकात उभे आहोत. समोर कापडाची जुनी पेठ.” समोर खरोखर कापडाचीच लाइन होती, त्यामुळे नवख्या माणसाला आपण नक्की कुठं उभे आहोत ते कळायला वेळ लागायचा. मग ते छत्रीनं वर दाखवायचे. वर पाण्याची टाकी. “त्या बुरुजावरून दर तासाला बिगुल वाजतो. शत्रू येताना पाहून एक जण वाजवत होता, त्याच्या गळ्यात बाण घुसला. म्हणून सूर अर्ध्यात तुटतो. आजही अर्ध्यातच तोडतात.” नऊ वाजले की ते स्वतःही वाक्य अर्ध्यात तोडून टाकीकडं बघत उभे राहायचे. शटर उचलणारे कापडवाले विचारायचे, “भैया, बज गया क्या?”

“हव, बज गया,” असं म्हणून ते पुढं निघायचे. तुटलेलं वाक्य कधी पुरं करायचे नाहीत.

खाण्याचे पदार्थ त्यांनी माणसांना शिकवून ठेवले होते. छेन्याच्या, म्हणजे पनीरच्या दुकानातली दीदी त्यांना पिएरोगी करून द्यायची, म्हणजे बटाटा आणि छेना भरून पाण्यात उकडलेल्या, वरून परतलेला कांदा घातलेल्या अर्धगोल पुऱ्या. कोपऱ्यावर चिला, म्हणजे तांदळाची धिरडी विकणारी म्हातारी, जिला सगळे दाई म्हणजे आई म्हणायचे, ती रविवारी त्यांच्यासाठी किसलेल्या बटाट्याचे कुरकुरीत घावन काढायची. एका शिंप्याच्या मागच्या खोलीत झुरेक नावाचं आंबट सूप मिळायचं, त्यात उकडलेलं अंडं. सूप करायचे ते स्वतः. त्याला लागणारं धान्य इथं मिळत नाही म्हणून ओटचं पीठ आंबवायचे. सोबतीला वाळवलेल्या आलुबुखारांचं गार पाणी आणि पिणाऱ्यांसाठी जांभळं मुरवलेल्या दारूचा अंगठ्याएवढा पेला.

फेरीला एक नियम होता. ‘हे आपल्या अमक्यासारखं लागतं’ असं म्हणायचं नाही. म्हटलं की दंड, आणि दंड म्हणजे आंबवलेल्या बिटाचं पाणी एक ग्लास, उभ्यानं. रंग रक्तासारखा, चव खारट, आंबट आणि वर मातीची. आपल्या लोकांना हा नियम पाळणं अशक्य. पहिला घास तोंडात गेला की, “अरे, ही तर उकडीची करंजी!” दंड. “हे मोमोच की!” दंड. बुद्धपौर्णिमेला त्यांनी विहारात पोलंडच्या पद्धतीची गहू, खसखस आणि मधाची खीर नेली. तिथं पन्नास जणांनी ती गव्हाची खीर म्हणून प्रेमानं खाल्ली. एवढ्यांना दंड कसा करणार? रिकामं पातेलं घेऊन तणतणत घरी आले.

“साऱ्या जगाले आपल्या ताटात कोंबून राहिले हे लोक,” मला म्हणाले. “जे हाय ते तसं खाऊन पाहा ना, बाप्पा.”

मी तेव्हा हे सगळं लांबूनच बघत होते. घरमालक म्हणून ते काही फार चांगले नव्हते. पंप नादुरुस्त झाला की तो दुरुस्त करायला त्यांना पुढचा ऋतू लागायचा. जिन्याखाली त्यांच्या कोबीच्या, काकडीच्या, बिटाच्या बरण्या असायच्या आणि त्यांचा वास आमच्या स्वयंपाकघरात यायचा. मी तक्रार केली. “वास नाही ताई, बरनी काम करून राहिली,” असं उत्तर मिळालं. माझी मुलगी शाळेत होती तेव्हापासून नाक दाबून जिना चढायची.

आता मुलीचं सांगते. ती हुशार, कामाला वाघ, आणि खाण्याच्या बाबतीत माझ्या डोक्याला ताप. वरण, भात, पोळी, बटाट्याची भाजी, आणि ते माझ्याच हातचं. अनोळखी वास आला की घसा बंद. तिला सगळ्यांनी आग्रह केला. आज्यांनी, मावश्यांनी, शेजाऱ्यांनी, आणि सगळ्यांत जास्त मी. हातात घास धरून मी तिच्यामागं घरभर फिरलेली आहे. बारावीनंतर तिला पुण्याला हॉस्टेलवर ठेवलं. महिन्याच्या आत तिथून फोन आला. गेले तेव्हा ती दवाखान्यात सलाईन लावून पडली होती. घेऊन आले. पुढचं शिक्षण तिनं इथंच केलं आणि त्या पुण्याबद्दल आमच्या घरात कुणी बोललं नाही.

मग तिनं परदेशात अर्ज केले आणि एवढ्या मोठ्या जगात तिला फी माफ करून घेणारं कॉलेज निघालं ते क्राकोवचं. पत्र आलं त्या दिवशी ती नाचली. मी नाचले नाही. जाऊ नको म्हणणारी आई मला व्हायचं नव्हतं. पण दुसऱ्यांदा हरून परत आली असती तर ती पुन्हा उंबरठ्याबाहेर पडली नसती, हे मला माहीत होतं. तिलाही माहीत होतं.

मी खाली गेले. ते कोबी चिरत होते.

“पोरगी तुमच्या गावी चालली आहे,” मी म्हटलं. “तिकडं टिकेल का?”

“मी गाईड हाओ ताई, ज्योतिषी नाई.”

“मग तिला तिकडचं खायला शिकवा.”

“शिकवत नाई मी कोनाले. फेरीले या. रविवारी आठ वाजता. फी तिची बी लागन आन तुमची बी.”

आम्ही गेलो. पहिल्याच थांब्यावर मी जांभळाच्या दारूचा घोट घेतला आणि तोंडातून निघून गेलं, “खोकल्याच्या औषधासारखं आहे.” दंड भरला. मुलगी हसली. पण तिच्या पुढं छेन्यावाल्या दीदीनं प्लेट ठेवली तेव्हा हसू गेलं. तिनं पुरीचा एक तुकडा तोडला, हुंगला आणि ठेवला. मी बोलायला तोंड उघडलं.

“ताई,” ते म्हणाले, “फेरीत गिऱ्हाइकानं गिऱ्हाइकाशी बोलाचं नाई.”

असा काही नियम नव्हता. तो त्यांनी तिथल्या तिथं काढला. मग पोलंडमध्ये जेवणाआधी म्हणतात ते “स्माचनेगो” म्हणाले, म्हणजे गोड लागो, आणि थोडा वेळ थांबून त्यांनी तिची प्लेट उचलली. न रागावता, न विचारता. त्या पुऱ्या स्वतः उभ्यानं खाल्ल्या आणि फेरी पुढं निघाली. दाईच्या कोपऱ्यावर तेच. दाईला काही ते बघवलं नाही. “खा ले ओ नोनी, थोरकन खा ले,” म्हणजे पोरी, थोडंसं तरी खा, असं म्हणत ती गरम घावन घेऊन तिच्या मागं लागली.

“दाई, नइ बोलना!” ते इतक्या जोरात म्हणाले की दाईनं कढईवर झाकण आपटलं.

घरी येताना मी पोरीला विचारलं, “पुढच्या रविवारी येणार का?”

“आऊँगी,” ती म्हणाली. आमच्या घरात मी मराठीत बोलते आणि ती हिंदीत उत्तर देते, वर्षानुवर्षं तसंच चाललं आहे. “अच्छा लगा. कोई पीछे नहीं पड़ा.”

दुसऱ्या रविवारीही प्लेटा आल्या आणि गेल्या. मला ते पाहणं फार जड गेलं. भुकेल्या पोरीपुढून कुणी ताट उचलतंय आणि आपण गप्प बसायचं, हे माझ्या हाडात नाही. त्यातून ते तिला काही समजावतही नव्हते. बुरूज, बाण, कापडाची पेठ, सगळं तसंच्या तसं, जणू ती परगावची पाहुणी आहे. तिसऱ्या रविवारी शिंप्याच्या खोलीत सूप आलं. ती वाटीकडं बघत बसली. बराच वेळ झाला. त्यांनी हात पुढं केला आणि वाटी उचलली. तिनं दोन्ही हातांनी वाटी धरली.

“रुकिए ना अंकल. अभी मेरा हुआ नहीं है.”

त्यांनी हात मागं घेतला आणि भिंतीवर लटकवलेल्या शर्टांच्या कागदी मापांकडं बघत राहिले. तिनं एक चमचा घेतला. चेहरा वाकडा झाला. मग दुसरा. अर्धी वाटी संपायला इतका वेळ लागला की शिंपी मशीनवर जाऊन बसला. मला वाटलं, आता तरी हे शाबासकी देतील. ते म्हणाले, “लेडीज अँड जंटलमन, इथून पुढं पायऱ्या आहेत, सांभाळून.”

त्यानंतर ती माझ्याशिवाय जायला लागली. जायच्या महिन्यात तर घरी येऊन मला सांगायची की आज झुरेक बरोबर आंबलं नव्हतं, अंकल चिडले होते.

निघायच्या आदल्या दिवशी दुपारी ते वर आले. बूट बाहेर काढून, मोज्यांवर. इतक्या वर्षांत ते वर आले नव्हते. मी तिची मोठी बॅग भरून ठेवली होती. जवसाची चटणी, ठेचा, मुगवड्या, पापड, शेवया, भाजणी, भाजलेली डाळ, तिखट. त्यांनी न विचारता चेन उघडली.

“हे काय होय?”

“सुरुवातीचं खाणं. तिची घडी बसेपर्यंत.”

“हे असंन तोवर थे खोलीबाहेर पडनार नाई.” त्यांनी पापडाची पुडी काढून खाली ठेवली. “मी बी नेलं होतं. आईनं बांधून देल्लं होतं. दार लावून एकट्यानं खाल्लं, कोनाशी बोललो नाई. सरलं त्या दिवशी लहान पोरावानी रडलो. उपाशी राह्यलो तवा कुठं खाली उतरलो अन् समोरच्या खानावळीच्या दारात शिरलो.”

“तुमचं वेगळं. हिला सलाईन लावावं लागलं होतं.”

“म्हाईत हाय मले.”

“मग बॅग बंद करा.”

“नाई करनार.”

“माझी पोरगी आहे. तुमची फेरी नाही ही!”

माझा आवाज ट्रकच्या अड्ड्यावरचा निघाला. खालच्या गल्लीतून लोकांनी वर पाहिलं असणार. ते मुगवड्या हातात घेऊन उभे होते आणि डोळ्याला डोळा भिडवत नव्हते. मुलगी आमच्या दोघांच्या मधे येऊन खाली बसली आणि स्वतःच एकेक पुडी बाहेर काढायला लागली. “मम्मी, रहने दो. इतना सब ले गई तो मैं भी दरवाज़ा बंद करके बैठ जाऊँगी. मैं जानती हूँ ना अपने को.”

जवसाची चटणी मात्र मी ठेवलीच. तेवढी राहायलाच हवी होती, आजही माझं तेच म्हणणं आहे. बाकी सगळं ते पिशवीत घालून खाली घेऊन गेले, परत देण्याची भाषा नाही. संध्याकाळी खालून पापड तळल्याचा वास आला.

ती गेली. पहिले काही दिवस फोटो आले. ब्रेड. केळी. पुन्हा ब्रेड. फोनवर “भूख नहीं है” हे शब्द ऐकले. पुण्याहून अगदी हेच शब्द यायचे. ऑफिसात मी एका गाडीचा माल दुसऱ्या गाडीत चढवायला सांगितला. असं माझ्याकडून कधी होत नाही. त्या दिवशी लवकर घरी आले आणि जिना न चढता त्यांच्या दारात उभी राहिले.

“ब्रेडवर आहे,” मी म्हटलं.

त्यांनी घड्याळात पाहिलं. “तिकडं जेवाचा टाइम हाय आता. फोन लावा. चेहऱ्यावाला.”

मुलीनं फोन उचलला. ती बाहेरच होती, कॉलेजातून निघालेली. गाल बसले होते. त्यांनी फोन माझ्या हातातून घेतला, बूट घातले आणि मग बोलायला सुरुवात केली. घरातल्या घरात बूट कशाला, हे मी विचारलं नाही.

“पोरी, मोठ्या चौकात जाय. कापडाची पेठ पाठीमागं घे. हां. आता उजव्या हाताची गल्ली. चाल.”

ती चालत होती. फोनमध्ये दगडी रस्ता हलत होता, ट्राम दिसली, लोकांचे कोट दिसले. “आता एक चर्च येईन. आलं? मंग डावीकडं. हिरवं दार. खाली उतराच्या पायऱ्या, खानावळीच्या.”

“अंकल, हिरवा दरवाज़ा नहीं है.”

“हाय. पाह्य नीट.”

“यहाँ चश्मे की दुकान है.”

त्यांनी फोन डोळ्यांच्या अगदी जवळ नेला. चष्म्यांच्या दुकानाची काचेची दर्शनी खिडकी होती, झगझगीत. मी त्यांना बोलताना अडखळलेलं कधी पाहिलं नव्हतं. “इथंच होतं,” ते म्हणाले, तिला नाही, मला. “इथंच होतं ना, ताई.” जणू मी तिथं गेलेली होते.

माझ्या मनात आलं, संपलं. आता ही खोलीवर परत जाणार आणि केळं खाणार.

“रुकिए,” मुलगी म्हणाली. “किसी से पूछती हूँ.”

रायपुरात दुकानदाराला वहीचा भाव विचारायलाही मला पुढं करणारी पोरगी. तिनं रस्त्यावरच्या एका म्हाताऱ्या बाईला थांबवलं. काय बोलली ते मला कळलं नाही; तोडकं-मोडकं पोलिश, मधेच ‘झुरेक’ ऐकू आलं. बाईनं हात हलवून भलंमोठं काहीतरी सांगितलं आणि मग सांगून समाधान झालं नसावं, कारण ती स्वतःच पुढं चालायला लागली. गल्ली वळली. एका तळघराचं दार, आत पिवळा उजेड, चार टेबलं. म्हातारी आत डोकावून कुणाला तरी ओरडून काही म्हणाली आणि निघून गेली.

मुलगी बसली. फोन पाण्याच्या ग्लासला टेकवून ठेवला. वाटी आली. वाफ पडद्यावर आली आणि तिचा चेहरा पुसट झाला. पहिला चमचा.

“अंकल, ये ठीक नहीं है. खट्टा कम है. आपका ज़्यादा अच्छा था.”

“बिगडले लोक,” ते लगेच म्हणाले. “पीठ आंबू देत नाईत. घाई. बटाटे तरी बरे हायेत का?”

“ठीक हैं.” तिनं दुसरा चमचा घेतला, तिसरा. मग मान खाली घालून, भुकेलं माणूस खातं तशी ती खात होती. ब्रेडचा तुकडा मोडून वाटीत बुडवला. पलीकडच्या टेबलावरच्या कुणीतरी काहीतरी म्हटलं, ती हसली आणि पुन्हा वाटीकडं वळली. मी पदराच्या टोकानं फोनची काच पुसली आणि आणखी जवळ सरकले. मला आणखी बघायचं होतं. मला दिवसभर बघायचं होतं.

घरमालकांनी लाल बटण दाबलं.

“अहो!” मी ओरडले. “ती जेवत होती!”

“म्हनूनच,” ते म्हणाले. “जेवनाऱ्याले असं पाहू नाई.” आणि वाकून बुटांच्या नाड्या सोडायला लागले.